फुली मारलेले शब्द

९ जानेवारी
मं.ला घरी आणून आज चौथा दिवस. दवाखान्यात एकवीस दिवस, घरी चार. पंचवीस दिवसांत तोंडातून एक शब्द नाही. उजवा हात पार गेला. पाय थोडा हलतो. घास गिळते, जीभ हलते, पण बोलत नाही.

गडचिरोलीचे डॉक्टर घरी सोडताना म्हणाले होते, "गुरुजी, मेंदूच्या डाव्या बाजूला रक्त पोचलं नाही. बोलण्याचं काम बहुतेकांचं तिथूनच चालतं. त्यांना ऐकू येतं, पण किती कळतं ते आत्ताच नाही सांगता येणार." मी शहाण्यासारखी मान हलवली. इथे आल्यावर आठवलं की एक प्रश्न विचारायचा राहिला. माझी बायको मला ओळखते की नाही?

ही वही जुन्या टाचणवह्यांपैकी उरलेली. प्रत्येक पानावर छापलंय: इयत्ता, घटक, साध्य झाले / नाही. रिटायर होऊन आठ वर्षं झाली, तरी सरळ कोऱ्या वहीत लिहायला हात धजत नाही.

१६ जानेवारी
सकाळी अंग पुसणं, गोळ्या (बीपीची, रक्त पातळ करायची), आंबील, पायाची मालीश. दुपारी परत तेच. मी सतत बोलत असतो. भाजीचा भाव सांगतो, शेजाऱ्याच्या म्हशीचं सांगतो. चौतीस वर्षं पोरांना 'गप्प बसा' म्हणण्यात गेली. आता समोर एकच विद्यार्थिनी, आणि ती गप्प बसते तर मला सहन होत नाही.

समोरचा रशीदभाई शिंपी तिच्यासाठी दोन गाऊन शिवून घेऊन आला. पुढून उघडे, नाड्या डाव्या बाजूला, म्हणजे डाव्या हाताने तिला स्वतः बांधता येतील. मी न सांगता त्याने एवढा विचार केला. जाताना म्हणाला, "गुरुजी, भाभी बोलेगी. तुम जरा चुप बैठो, तो बेचारी को मौका मिलेगा." हसलो. खूप दिवसांनी.

वं.चा पुण्याहून रोज फोन. आईच्या कानाला लावतो. तिकडून पोरगी "आई, आई" करते. मं. भिंतीकडे पाहते.

२३ जानेवारी
बोलली!!

सकाळी आठचा सुमार. चूल पेटवत होतो. मागून आवाज आला, "एर."

वळलो. ती माझ्याकडे नाही, कोपऱ्यातल्या गुंडीकडे बघत होती. पुन्हा म्हणाली, स्पष्ट, "एर." पेला भरून तोंडाला लावला. प्याली. पाणीच हवं होतं.

मला कळलं कसं? एवढी वर्षं तिची गोंडी शिकलो नाही. लग्नाला बेचाळीस वर्षं होतील. तिच्या माहेरच्या गावातच माझी पहिली नेमणूक, अकरा वर्षं त्या शाळेत काढली, तरी नाही शिकलो. मग हा शब्द आला कुठून, म्हणून दिवसभर डोकं चालवलं. दुपारी भांडी घासताना आठवलं. पहिलीच्या पोरांना चित्र दाखवायचो, गुंडीचं, पाण्याचं. पोरं पाटीवर 'एर' लिहायची. आणि मी त्यावर फुली मारायचो.

रडलो. राखेचे हात तसेच, डोळे पुसायला जमेना.

२४ जानेवारी
मला येणारे गोंडी शब्द आठवून लिहायला बसलो. सोळा निघाले. सगळे मी चूक म्हणून खोडलेले. सोळाच्या सोळा.

२ फेब्रुवारी
थेरपीवाली मॅडम आली. तरणी पोर, नागपूरकडची, कामात चोख. चित्रांचे पत्ते दाखवत गेली. पाणी, झाड, कुत्रा, भात, घर. मं.ने चारांची नावं सांगितली. मॅडमने चारही ठिकाणी फुली मारली.

मी म्हटलं, "मॅडम, बरोबर आहेत ती उत्तरं. गोंडीत आहेत."

ती ओशाळली. म्हणाली, "सॉरी सर. आमचा हा तक्ता मराठीतच आहे. दुसरा नाहीच आमच्याकडे." तिच्यावर चिडायला तोंड कुठे होतं मला.

मग मॅडमनेच समजावून सांगितलं. दोन भाषा असलेल्या माणसाला असा झटका आला की दोन्ही सारख्या परत येतातच असं नाही. कुणाची लहानपणची आधी येते, कुणाची रोजच्या वापरातली. काही वेळा एक येते, दुसरी नाही येत. आईंची लहानपणची येत असावी. आता घरात सगळ्यांनी त्याच भाषेत बोला म्हणजे लवकर सुधारतील.

घरात सगळे म्हणजे मी.

शेवटी मॅडमने फोटो दाखवला, मी आणि मं., वं.च्या लग्नातला. माझ्यावर बोट ठेवून विचारलं, "हे कोण?" मं.ने फोटो पाहिला. मला पाहिलं. तोंड घट्ट मिटून घेतलं. पुन्हा विचारलं, पुन्हा तेच. आणखी एक फुली मारायला पेन उचललं तेव्हा मी थांबवलं. सांगितलं की हिने जन्मात कधी माझं नाव घेतलेलं नाही. त्यांच्यातही नवऱ्याचं नाव घेत नाहीत, आमच्यातही नाही. घरात 'अजी' म्हणायची, लोकांसमोर 'वंदनाचे बाबा'. दोन्ही मराठी. दोन्ही गेले.

मॅडम म्हणाली, "मग सर, त्या तुम्हाला ओळखतात हे आपल्याला कळायचं कसं?"

तेच तर.

११ फेब्रुवारी
रोज नवे शब्द येतायत. कधी दोन-तीन एकत्र. मी टाचणवहीच्या मागच्या पानांवर ऐकू येईल तसं लिहितो आणि संध्याकाळी तिच्या धाकट्या बहिणीला, चैतीला, फोन लावतो. चैती माहेरच्याच गावात असते, धानोऱ्याच्या पुढे. तिला फोनसाठी तलावाच्या पाळीवर यावं लागतं. मी वाचायचं, तिने हसायचं.

"भाऊजी, काय वाचून राह्यले जी तुमी? एकही शब्द धड नाई."

"तू अंदाजाने सांग."

"कोंबड्या कोंडल्या का म्हणते बाई. न् हे दुसरं... आईले बोलाव म्हणते."

त्यांची आई जाऊन वीस वर्षं झाली. कोंबड्या तर आम्ही आरमोरीत कधी पाळल्याच नाहीत.

१९ फेब्रुवारी
चैती आठ दिवसांसाठी आली. येताना मोहफुलं कुटून केलेला लाटा, कुटकी, जवसाची चटणी. दारातूनच बहिणीशी बोलत आत शिरली. मं.चा चेहरा असा उजळला की मला बघवेना. महिना-दीड महिना मी या चेहऱ्यापुढे नाचतोय आणि मला त्यातलं एवढंही मिळालं नाही. हेवा वाटला. वयाच्या सहासष्टाव्या वर्षी मेहुणीचा हेवा. लिहून ठेवतो, लपवून काय उपयोग.

दोघी बोलत बसल्या. मं. अडखळते, शब्द शोधते, चैती थांबून राहते. मध्येच मं. हसली. काय झालं विचारलं तर चैती म्हणाली, "तुमाले नाई समजणार, लहानपणची गोष्ट आहे." मी ओट्यावर जाऊन बसलो. रशीदभाईने मशीन थांबवून चहा पाठवला.

२३ फेब्रुवारी
दुपारी जावा, म्हणजे पेज, घेऊन गेलो. ताकातली नाही, चैतीने शिकवली तशी. मं.ला चमच्याने पाजत होतो. तिने माझ्याकडे नीट पाहिलं आणि चैतीला काहीतरी विचारलं. लांब वाक्य होतं.  चैती खालच्या आवाजात दोनच शब्द बोलली.

"काय म्हणाली?"

"काई नाई, भाऊजी."

"माझ्याबद्दल विचारलं ना?"

"जावा चांगली झाली म्हणते."

चैतीला खोटं बोलता येत नाही, लग्नात जोडे लपवले होते तेव्हाही येत नव्हतं. वाडगा घासून ठेवला. आणखी विचारायची हिंमत झाली नाही.

२७ फेब्रुवारी
आज चैती निघाली. निघताना म्हणाली, "भाऊजी, बाईले गावी आणा. इथी कोणाशी बोलन ते? भिंतीशी?"

मी भडकलो. मी काय मेलोय का, म्हणालो. तिची औषधं, मालीश, दवाखाना, सगळं मी करतो, अजून काय पाहिजे. चैती ऐकून घेत होती. मग पिशवी उचलून म्हणाली, "तुमी करता. तुमी लय करता. पण बोलत कोण आहे तिच्याशी?"

वं.ला फोनवर सांगितलं तर ती मावशीच्याच बाजूने. म्हणे, "बाबा, मलाही आईशी बोलता येत नाहीये. तुम्हीच शिकू दिली नाही मला ती भाषा." मी फोन ठेवला. ती म्हणाली ते खोटं नाही. पोरगी दीड वर्षाची असताना मं. तिला पाळण्यात गोंडीतून काहीबाही म्हणायची. मी सांगितलं, पोरीचं मराठी कच्चं राहील, तिच्याशी मराठीतच बोलत जा. मं.ने एकदाही वाद घातला नाही. त्यानंतर तिच्या तोंडी गोंडी ऐकली ती फक्त माहेरची माणसं आली की, आणि तीही स्वयंपाकघरात.

८ मार्च
आज काय झालं ते लिहायलाच हवं.

दुपारी बारापासून मं. एकच काहीतरी सांगत होती. तीन शब्द, पुन्हा पुन्हा. पाणी दिलं, ढकललं. जावा दिली, ढकलली. भांडं दिलं, नको. पांघरूण घातलं, काढलं. पंखा लावला, बंद केला. फोटो आणून दाखवला. प्रत्येक वेळी "हिल्ले, हिल्ले". 'नाही' हा शब्द मला येतो, माझ्या सोळांपैकीच. पण 'काय' ते कळेना. तिने डाव्या हाताने माझ्या हातावर मारलं. मग रडायला लागली, तोंड उघडं टाकून. मीही ओरडलो तिच्यावर, "मराठीत सांग ना! येत होतं ना तुला!" हो, असं म्हणालो मी. त्या बाईला.

चैतीचा फोन लागेना. साडेचारला लागला. मं.च्या कानाला लावला. एका मिनिटात उलगडा. उजव्या हाताला सूज चढली होती आणि मनगटातलं गिलटाचं कडं मांसात रुतलं होतं. अंगावर शाल, मला दिसलंच नाही. चार तास ती सांगत होती की हात दुखतो. एवढंच.

रशीदभाई धावत सोनाराला घेऊन आला. त्याने कडं कापलं. खाली जांभळी खाच. मं.ने सोनाराकडे पाहून मान हलवली, आभार मानल्यासारखी. माझ्याकडे पाहिलं नाही.

रशीदभाई जाताना माझ्या खांद्यावर हात ठेवून म्हणाला, "ले जाव गुरुजी. जिद मत करो." आज हसवलं नाही त्याने.

१५ मार्च
नेलं. जीप ठरवली, मागच्या सीटवर गादी टाकली. घराला कुलूप, किल्ली रशीदभाईकडे.

गडचिरोली सुटेपर्यंत झोपून होती. कठाणीच्या पुलानंतर जंगल लागलं तशी मान वर करायची धडपड. उशी लावून बसवलं. मोह पडायला लागलाय, काचा खाली होत्या, वास आत येत होता. ती बाहेर बघून एकेक शब्द म्हणू लागली. झाडांची नावं असावीत. ड्रायव्हर तिकडचाच पोरगा, तो पुढून "हो माय, हो माय" म्हणत आरशातून हसत होता. त्याला कळत होतं. गाडीत तिघं, न कळणारा मीच एक.

चैतीच्या अंगणात खाट तयारच होती. बायका जमल्या. कुणी पाय चेपतंय, कुणी केस विंचरतंय, सगळ्या एकदम बोलतायत, आणि मं. एकेकीला उत्तर देतेय. चुकतमाकत, पण देतेय. काही जणींची नावंही घेतली तिने. चाळीस वर्षांपूर्वीच्या मैत्रिणींची.

नावं घेतली.

१७ मार्च
माझी जुनी शाळा अजून तिथेच आहे. कौलं जाऊन पत्रे आले, उंबरठा तोच.

त्या उंबरठ्यावर मं. बसायची. लग्न झाल्यावरची पहिली दोन वर्षं. मी आत शिकवायचो, पहिलीची पोरं माझ्याकडे टकामका बघायची, मग मान वळवून दाराकडे. ती भाजी निवडता निवडता त्यांना गोंडीतून सांगायची, गुरुजी काय म्हणतायत ते. पोरं भराभर शिकायची. माझं नाव झालं, आदिवासी गावात याच्या शाळेचा निकाल बरा म्हणून. पुढे तपासणी आली. आधीच्या संध्याकाळी मी मं.ला म्हटलं, उद्या तू येऊ नको, साहेबांना बरं दिसणार नाही. ती म्हणाली, बरं. तपासणी झाली, पण 'आता ये' म्हणायचं राहून गेलं. खरं सांगायचं तर राहून गेलं नाही. तिच्यामुळे पोरं शिकतात असं गावात लोक बोलायचे, ते मला आवडत नव्हतं. चाळीस वर्षांनी हे पहिल्यांदा कागदावर येतंय.

त्यानंतर दुसरीत जाण्याआधीच अर्धी पोरं गळायला लागली. मी शेऱ्यात लिहायचो: पालक उदासीन.

२० मार्च
पाण्याच्या टाकीपाशी एक माणूस थांबला. पन्नाशीच्या आतला, दाढी पांढरी. "गुरुजी, मले वळखलं का जी? पांडू. पयलीत होतो तुमच्या."

मला नाही ओळखता आलं. तसं सांगितलं.

तो हसला. "कसं वळखसाल, एकच वर्स तर होतो मी. तुमी चित्र दाखवलं होतं पाण्याचं. मले आलं होतं जी. पण तुमी फुली मारली. घरी जाऊन मायले म्हटलं, मले पाणी नाई येत."

राग नव्हता त्याच्या बोलण्यात. गंमत सांगावी तसं सांगितलं. मी तिथेच टाकीच्या कट्ट्यावर बसलो. म्हटलं, "पांडू, मला शिकवशील? तुमची भाषा."

"तुमाले? आता?" आणि मग, "पाटी आणू का मंग?"

आणली नाही त्याने. आणली असती तरी चाललं असतं.

२२ मार्च
रोज सकाळी बायामाणसं मोह वेचायला जातात तेव्हा पांडूबरोबर जातो. तो वस्तूला हात लावतो, नाव सांगतो, मी म्हणतो. लहान पोरी टोपल्या टाकून माझ्या उच्चारांवर हसून लोळतात. मला आवाज वेगळे ऐकूच येत नाहीत. दोन शब्द म्हणे निराळे, मला सारखेच वाटतात. पांडू दहादा म्हणून दाखवतो. तान्ह्या पोराचा कान सगळ्या आवाजांना उघडा असतो, पुढे नको त्यांना बंद होत जातो, असं मागे एका प्रशिक्षणात सांगितलं होतं. तेव्हा झोप काढली होती मी.

कान जड झाला की राग येतो, मग लाज, मग वाटतं जाऊच नये. तीन दिवसांतच. आणि सहा वर्षांच्या पोरांनी रोज यायला हवं अशी माझी अपेक्षा होती.

३० मार्च
चैतीची नवी टूम. तिच्या लोकांत पूर्वी ज्याला मुलीसाठी द्यायला काही नसे तो सासऱ्याच्या घरी दोन-तीन वर्षं राबायचा, मग लग्न. मी मास्तर म्हणून सुटलो होतो. सासरे म्हणाले होते, सरकारी माणसाला काय राबवायचं. आता चैती गावभर सांगते, "आमचे भाऊजी बाकी राह्यलेली सेवा करून राह्यले." माझ्याकडे पाणी भरायचं आणि लाकडं फोडायचं काम. लाकूड फुटत नाही. बायका हसतात. मं. खाटेवरून बघते आणि तीही हसते.

मला हसते की एका परक्या म्हाताऱ्याला, ते कळत नाही. पण हसते.

९ एप्रिल
माझे शब्द साठाच्या आसपास. मी समोर बसून एकेक म्हणतो, ती ऐकते. चुकलं की बरोबर करून सांगते. हळू, तोंड मोठं करून, मला ओठ दिसावेत म्हणून. मी पोरांना असं कधी सांगितलं नाही. तीन-तीनदा सांगते, कंटाळत नाही. कुणालाही शिकवलं असतं तिने तसंच. उंबरठ्यावरची सवय. त्यावरून ती मला ओळखते असं सिद्ध होत नाही.

चैतीला आज शेवटी विचारलं, "त्या दिवशी, जावा पाजताना, ती काय म्हणाली होती?"

चैती तांदूळ पाखडत होती. सूप थांबलं. "राहू द्या ना, भाऊजी."

"सांग."

"म्हणे, हा मानूस चांगला आहे, पण याले घर नाई का."

"आणि तू काय उत्तर दिलंस?"

"हेच याचं घर, म्हटलं."

सूप पुन्हा सुरू झालं. मी लाकडं फोडायला गेलो. आज दोन फुटली.

१८ एप्रिल
वं. येऊन गेली. दोन दिवस आईच्या खाटेपाशी. मं. तिच्या तोंडावरून हात फिरवत होती. मग तिला काहीतरी म्हणाली, चालीवर, मध्ये थांबत. पाळण्यातलं. मी बंद पाडलेलं. वं.ला शब्द कळले नाहीत, पण पुढची ओळ तिच्या तोंडून आपोआप आली. तिची तिलाच खबर नव्हती. दीड वर्षाच्या पोरीच्या डोक्यात कुठे जाऊन बसलं होतं एवढी वर्षं.

म्हणजे मुलगी कळली तिला. निदान पाळण्यातली तरी. आनंद झाला मला, खोटं नाही. आणि त्या आनंदातच एकटं वाटलं. मी तिच्या पाळण्यात कुठेच नाही. मी तिला भेटलो एकविसाव्या वर्षी, मराठीत. ते मराठी जर गेलं असेल तर त्याच्याबरोबर मीही गेलो असेन.

निघताना वं. माझ्या गळ्यात पडली. "बाबा, तुम्ही इथेच राहणार?" म्हटलं, सेवा पुरी व्हायची आहे.

२ मे
मं.ला कालपासून ताप. आज बोलणं कमी. शब्द पुन्हा शोधावे लागतायत. चैती घाबरली नाही असं दाखवते. आरोग्य केंद्राची बाई येऊन गेली, म्हणाली, छातीत कफ आहे, दुसरा झटकाही येऊ शकतो अशा माणसाला, बीपीच्या गोळ्या चुकवू नका. इथल्या संपत आल्यात.

संध्याकाळी तिच्याजवळ बसून माझे सगळे शब्द म्हणून दाखवले. नव्वदच्या वर. पाढे म्हणावे तसे, ओळीने. तिने डोळे मिटून ऐकले. एक चुकला तेव्हा डोळे न उघडता बोट हलवलं.

५ मे
एस.टी.त लिहितोय, अक्षर वाकडं येणार. धानोऱ्याला गोळ्या आणायला निघालो. गावातली सगळी माणसं तेंदूपानं तोडायला गेलीत, चैतीही. घरात तिच्याजवळ पांडूची सासू आहे, तिला मराठी अजिबात येत नाही.

ताप उतरलाय. निघताना चपला घालत होतो तेव्हा मं.ने हाक मारली. हाक म्हणजे नुसतं "ए". जवळ गेलो. डाव्या हाताने माझा सदरा धरला आणि बोलली. एक सबंध वाक्य. न अडखळता. अशी ती दुखण्यापासून बोलली नव्हती. मग सदरा सोडला आणि माझ्याकडे बघत राहिली.

मला सगळं वाक्य कळलं नाही. 'घर' कळलं. 'येणं' कळलं. बाकीचे चार शब्द माझ्या नव्वदांत नाहीत. "हो" म्हणालो, गोंडीत. आणि बस चुकेल म्हणून निघालो. रस्त्यात चालतानाच वाक्य म्हणत आलो, विसरू नये म्हणून, आणि बसमध्ये बसल्याबरोबर मागच्या पानावर उतरवलं. सहा शब्द. माझ्या कानाने जसे ऐकले तसे.

'लवकर घरी ये' असं असेल. किंवा 'हा माणूस सारखा आमच्या घरी काऊन येतो' असंही असेल. मी हो म्हणून बसलोय.

शेजारी कॉलेजची मुलगी बसलीय, फोनवर आत्तापर्यंत गोंडीतच बोलत होती. वही पुढे केली तर एका क्षणात सांगेल. मघाशी तिने पानाकडे पाहिलंही, वाचता येतंय असं तिच्या तोंडावर दिसलं. मी पान उलटलं.

तिला विचारलं तर कळेल. म्हणून विचारत नाही. ते चार शब्द मी पांडूकडून एकेक करून घेईन, झाडाचं नाव विचारावं तसे, वाक्य न सांगता. चार दिवस लागतील. तेवढे दिवस ती बरी असली पाहिजे.

धानोरा आलं. गोळ्या दोन महिन्यांच्या घ्यायच्या. परतीची बस साडेतीनला.